धुऱ्याखालची लेक

"खण. हाडकं निघाले तं वावर तुयं."

मालगुजार माझ्या नवऱ्याला म्हणाला. साऱ्या गावासमोर. पंच हसले. कोर्टाच्या हुकमानं मोजणीला आलेला अमीन हसला नाही, पण त्यानं अडवलंही नाही. नकाशाची गुंडाळी काखेत धरून उभा राहिला.

जिथं खणायचं होतं तिथं माझी लेक होती.

सहा महिन्यांची असताना तापानं गेली. आमच्या वावराच्या धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, बाभळीखाली आम्ही तिला पुरलं. ते तीन एकर माझ्या सासऱ्यानं पडीत मोडून केलेलं. कागद त्याच्या नावाचा. शेजारचं सगळं मालगुजाराचं. गावाचा सारा वसूल करायची मालगुजारी सरकारनं काढून घेतली होती, तरी गाव त्याला मालगुजारच म्हणायचं. लेक गेल्याच्या दुसऱ्या उन्हाळ्यात त्यानं बाभूळ तोडली, धुऱ्यावरून नांगर फिरवला आणि दहा हात आत येऊन पऱ्हाटी लावली.

माझ्या लेकीवर लावली. ती पऱ्हाटी वाढली, बोंडं फुटली, बायकांनी कापूस वेचला. मी त्या वाटेनं जाणं सोडलं.

नवरा कोर्टात गेला. वर्ष गेलं. मग हुकूम झाला, मोजून हद्द कायम करा.

अमीनानं जरीब, म्हणजे मोजायची लोखंडी साखळी, मालगुजाराच्या विहिरीपासून टाकायला लावली. आम्हाला तिला हात लावू दिला नाही. "दूर राहा, दूर," मालगुजाराचा दिवाणजी ओरडला. नवरा हात जोडून म्हणाला, "साहेब, धुरा इथं होता जी. आमची पोरगी हाये इथं."

त्यावरून ते खणायचं निघालं.

"नाईतं कुत्र्याचे हाडकं दाखवशीन. आमाले का समजते?" मालगुजार म्हणाला. पुन्हा हसू.

नवऱ्यानं कुदळ उचलली. सांगितलं ते करायचं, ही सवय त्याच्या बापाची, आज्याची. एक घाव. दुसरा. काळी माती, आतून ओली. आवाज मोठा झाला नाही. भद्. एवढाच.

मी बायकांत उभी होते. तोंडावर पदर. नागपूरला दीक्षा घेऊन आम्हाला दोनच महिने झाले होते. तिथं ताठ उभी राहिलेली मी इथं तोंड झाकून उभी होते. त्या पदरात मला श्वास येईना.

मी गेले आणि कुदळीखाली बसले.

"अजी, ठेवा ते खाली."

नवरा रडत होता. "मंग धुरा कसा दाखवू वं?"

मी पदर मागं टाकला. अमीनाकडं तोंड केलं. "साहेब, कोर्टानं मोजाले सांगतलं का उकराले?"

अमीनानं मालगुजाराकडं पाहिलं.

"विहीर त्यायनं मांगच्या साली खोदली. नकाशात शिवेचा दगड हाये. तिथून मोजा. नाईतं लिहा, हे बाई उठत नाई."

वकिलानं सांगितलेलं हे नवऱ्यानंच मला घरी सांगितलं होतं. त्याच्या तोंडून ते निघालं नाही.

"उचला रे तिले!" मालगुजार ओरडला. कुणी पुढं आलं नाही. आमच्या अंगाला हात कोण लावणार? त्यांचाच विटाळ त्यांना आडवा आला.

अमीनानं गुंडाळी सोडली. बराच वेळ नकाशा पाहिला. मग शिवेकडं चालू लागला. या वेळी जरिबीचं एक टोक माझ्या नवऱ्यानं धरलं. ऊन कलेपर्यंत मी तिथंच बसून होते. साखळी माझ्याही पुढं चार हात गेली, मालगुजाराच्या पऱ्हाटीत. तिथं दगड रोवला.

वावर मिळालं. लोक म्हणाले, जिंकली.

पण ते दोन घाव झालेच. ते कुठवर गेले मी पाहिलं नाही. नवऱ्यानं मातीत हात घालून खड्डा बुजवला, कधी काही बोलला नाही. मी विचारलं नाही. अजूनही भाकर थापता थापता हात थांबतो. भद्. सून विचारते, काय झालं? मी म्हणते, काही नाही.

आता वस्तीत कुणाचीही मोजणी निघाली की मी जाते. बोलावलं नाही तरी जाते. सगळ्यांच्या आधी जाऊन उभी राहते. त्या दिवशी मला दोन घाव उशीर झाला. पुन्हा होऊ देणार नाही.