बुटांखाली पालघट

दिवाळीनंतरचा शनिवार. मराठी मंडळाच्या कार्यक्रमासाठी कॅनडात, रेजिना शहरातल्या एका शाळेची जिम भाड्याने घेतलेली. माझ्या खिशात तीनशे चाळीस डॉलरचं छपाईचं बिल, कारण मी मंडळाचा खजिनदार. दारात अध्यक्ष श्रीकांतराव, सांस्कृतिक विभाग बघणाऱ्या केतकीताई, मी आणि माझी बायको. आणि पायाखाली पालघट.

पालघट आमची देवी. आम्ही वारली, डहाणूकडचे. लग्नात सवाशिणी भिंतीवर तांदळाच्या पिठानं चौक लिहितात. मधोमध पालघट. त्याशिवाय आमच्यात लग्न लागत नाही. तोच चौक केतकीताईंनी नेटवरून उचलून व्हायनिलच्या चटईवर छापून आणला होता, दाराशी अंथरायला. बाहेर बर्फ. लोक येत होते, बूट आपटत होते. रस्त्यावरचं मीठ आणि चिखल तिच्या तोंडावर.

मी म्हटलं, "ताई, हे खाली टाकायचं नसतं. ही देवी आहे."

"अय्या, पण किती क्यूट दिसतंय! आणि तुमचीच तर आर्ट आहे. तुम्ही प्राउड फील करायला पाहिजे."

श्रीकांतराव मोठ्यानं हसले. "यांचं काय ऐकता ताई? हे कोट्यातून आलेले. देवालासुद्धा सवलत मागतील!"

रांगेतले चारसहा जण हसले. त्यातल्या दोघांचे टॅक्सचे कागद दर वर्षी मी बघून देतो. फुकट.

हे हसणं माझ्या ओळखीचं. आमच्या वनजमिनीच्या दाव्याची चौकशी झाली तेव्हा मी सुट्टीवर गावी होतो. बापानं साहेबाला घरात नेलं, आम्ही पिढ्यानपिढ्या इथलेच याचा पुरावा म्हणून भिंत दाखवली. म्हणाला, "हा पोरीच्या लग्नाचा चौक. या सारवणाखाली माझ्या लग्नाचा. त्याच्याखाली माझ्या आईच्या." साहेब हसला. "चित्रं काय दाखवतोस? कागद आण." दावा फेटाळला. बाप गेला. भाऊ अजून तीच जमीन कसतो, चोरासारखा.

तेवढ्यात आजच्या पाहुण्या बाई आल्या. इथल्या मूळनिवासी क्री समाजाच्या, वयस्क. ही जमीन मूळ कुणाची, ते कार्यक्रमाआधी बोलायची इथे पद्धत आहे. त्यासाठी त्यांना बोलावलेलं. त्यांनी पाऊल उचललं, खाली बघितलं आणि मागे घेतलं. मला इंग्रजीत विचारलं, "ही कोण?"

हे काय, असं नाही. ही कोण.

"आमची आई," मी म्हटलं.

त्या कडेकडेनं, भिंतीला धरून आत गेल्या. तिच्या अंगावर बोटभरही पाय पडू दिला नाही.

मी तसाच उभा. बायको खाली बसली. "बघत काय राहिलात? धरा तिकडून."

मी धरलं. येणाऱ्यांना दारात थांबवलं आणि गुंडाळायला लागलो.

"अहो, एंट्रन्स सगळा उघडा पडला!" केतकीताई ओरडल्या. "तीनशे चाळीस डॉलर मोजलेत त्याचे!"

"कुणाला मोजलेत?" मी विचारलं.

"म्हणजे? प्रिंटवाल्याला. डिझाइन तर फ्रीच होतं."

गुंडाळी खांद्यावर घेऊन आम्ही निघालो तेव्हा स्टेजवर पाहुण्या बाईंच्या आधी श्रीकांतराव मोबाईलमधून वाचत होते, या भूमीच्या मूळ रहिवाशांचे आम्ही ऋणी आहोत. आवाज भरून आला होता त्यांचा.

घरी बेसमेंटमध्ये बायकोनं कोमट पाण्यानं तिचं तोंड धुतलं. तिला भिंतीवर लावलं. मी भावाला फोन केला. "दावा परत टाक. पुराव्यात सगळ्यात आधी भिंत लिही. कागद मागतील, तू भिंतच दाखव. मी येतो."

बिलावर मी सही केली नाही. श्रीकांतरावांनी केतकीताईंना ते पैसे स्वतःच्या खिशातून दिले आणि मला मेसेज पाठवला, "राजीनामा द्या." दिला नाही. देणार नाही. वार्षिक सभेत हिशेब मीच वाचणार आहे, सगळ्यांसमोर, मराठीत. त्यात या दोन ओळीही.

चौक छापणाऱ्याला दिले, तीनशे चाळीस डॉलर. चौक ज्यांचा, त्या वारली बायांना दिले, शून्य.