बगळ्याचे कागद

हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. बायको गेली, तिलाही नाही. तुम्हाला सांगतो — पण समजुतीनं मान डोलावू नका. त्याचीच मला चीड आहे.

तेव्हा मी जर्मनीत, त्सुफेनहाउझेनला मुलाकडे राहत होतो. नात अस्मिता सतरा वर्षांची. मी लेथवरच्या कामाचं सांगायला लागलो की उठून जायची. आणि गावात कार्टूनचे सिनेमे काढणारा एक जपानी म्हातारा आला — माझ्याच वयाचा — तर ही त्याच्यापुढे कमरेत वाकली! माझ्या पाया पडायला दहादा सांगावं लागायचं.

त्यानं म्हणे पहिली दहा वर्षं दुसऱ्यांनी काढलेल्या दोन चित्रांच्या मधली, हालचाल जोडणारी चित्रं काढली, मग मोठा झाला. त्याच्या भाषणाला आम्ही सगळे गेलो, तर सभागृहात त्यानं कागदांचा गठ्ठा अंगठ्यानं फर्रकन सोडला — घोडा धावला. मधले चार काढून घेतले — घोडा अडखळला. केसभर फरकाचं काम. अहो, मीही हयात केसभर फरकावरच काढली. मला कुणी बोलावलं भाषणाला?

"काही कळलं का, अण्णा?" मुलानं विचारलं.

"त्यात काय कळायचंय."

त्या म्हाताऱ्यानं अस्मिताची चित्रं बघायचं कबूल केलं. आवडली तर जपानला शिकायला नेणार. तिनं बगळा उडवला होता, दोनशे कागदांवर. सहा महिने खपत होती.

चित्रं दाखवायच्या आदल्या दिवशी ती शाळेत असताना रद्दीची गाडी यायची होती. रद्दी डब्यात टाकणं माझंच काम. वर्तमानपत्रांबरोबर तो गठ्ठाही उचलला. एक कागद मात्र टेबलावर ठेवला. का? — संध्याकाळचं बोलणं तेव्हाच ठरलं होतं.

"सगळी एकसारखीच दिसली गं. एक ठेवलं, बाकीची जादा वाटली."

सून रडली. मुलगा म्हणाला, "अण्णा चौथी शिकलेले, त्यांना काय कळणार." आणि एरवी जर्मनमध्ये उत्तर देणारी नात मोडक्या मराठीत म्हणाली, "आजोबा, तुझी चूक नाय." जपानी परत गेला. पुन्हा काढायला ती बसलीच नाही. आता विम्याच्या ऑफिसात आहे.

मला अडाणी म्हटलेलं जन्मात खपलं नाही. त्यासाठी फोरमनची कॉलर धरलीय मी. त्या दिवशी मात्र गप्प बसलो. किती सोयीचं होतं ते!

कारण मला कळत होतं. डब्याचं झाकण एका हातानं उघडं धरून मी तो गठ्ठा अंगठ्यानं सोडून पाहिला होता. दोनदा.

बगळा कुठेही अडखळला नाही.

मग टाकला.