पंख्याची घरघर

कार्ल्यात माझ्या ओळखीच्या एकाच्या घरी, पुढच्या खोलीत फ्लेक्स डिझाइनचं काम चालतं. माझ्या दुकानाचे बोर्ड तोच करतो. कुणी आलं की आधी तो कॉम्प्युटरवर पालथा हात ठेवतो, लेकराचा ताप बघावा तसा. मगच म्हणतो, "बोला, भाऊ."

त्या कॉम्प्युटरचा पंखा सारखा घरघरायचा. त्यानं हौसेनं पंख्याचा वेग ठरवणारा काडेपेटीएवढा मायक्रोकंट्रोलर आणला, उष्णता मोजणारा सेन्सर जोडला आणि स्वतः प्रोग्रॅम लिहिला. मशीन थंड असलं की पंखा हळू, तापलं की जोरात.

"ऐका," परवा तो मला म्हणाला. ऐकायला काहीच नव्हतं. त्याचा चेहरा नुसता फुलला होता.

तेवढ्यात आतून आईची हाक आली. म्हातारीला दिसत नाही.

"कुटं गेलास रं?"

"हितंच हाय, आये."

जरा वेळानं पुन्हा तीच हाक. मग तिसरी हाक आली. त्यानं प्रोग्रॅम उघडला, पंख्याचा कमीत कमी वेग वाढवला आणि मायक्रोकंट्रोलरमध्ये भरला. पंखा घरघरू लागला. हाका थांबल्या.

"एवढी मेहनत वायाच गेली की," मी म्हणालो.

"वाया कुटं? तिला ऐकू जाईल एवढाच ठेवलाय."

तुंगार्लीला घरी येऊन मी लॅपटॉप उघडला. तो कधीच आवाज करत नाही. काम करत बसलो. बऱ्याच वेळानं पलीकडच्या खोलीतून बायकोचा फोन आला, "निघालात का दुकानातून?"