डोळ्यांवरचा हात
परवा अंबरनाथला दवाखान्यात स्पिरिटचा वास आला आणि मी पुन्हा चौथीतली मुलगी झाले. तेव्हा आईनं खावटीचा, म्हणजे पोटगीचा, दावा लावला होता आणि बाबांनी कोर्टात सांगितलं होतं, ही मुलगी माझी नाहीच. कोर्टानं आम्हा तिघांची डीएनए चाचणी करायला सांगितली, पण रक्त द्यायला बाबा येतच नव्हते. शेवटी एकदा उल्हासनगरच्या दवाखान्यात आले, तेव्हा आईनं माझं मनगट इतकं घट्ट धरलं की ते दुखायला लागलं. सुई दिसताच मी किंचाळले, तसे बाबाच पुढं झाले आणि माझ्या डोळ्यांवर हात ठेवून म्हणाले, "बघू नको पिल्लू, झालंच हं." आईनं तो हात झटकला. "हे कोर्टात सांगा ना!" पुढं दर तारखेला एकच उत्तर मिळायचं, रिपोर्ट आलेला नाही. तो आला तेव्हा मी दहावीत होते. तेच माझे वडील निघाले. त्या संध्याकाळी ते पेढे घेऊन बदलापूरला आमच्या दारात आले. आई नुसती माझ्याकडे बघत राहिली. मी त्यांना पाणी दिलं, पेढे मात्र परत केले. माझ्या नावापुढे आजही आईचंच नाव आहे.