रिकामा कॅमेरा

हे मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही. बायकोलासुद्धा नाही. तुम्हालाच का सांगतोय? — तुम्ही यावलचे नाही, एवढंच असेल.

मी माहितीपट करायचो, चित्रंही काढायचो. माझी एक पद्धत होती आणि तिचं मला भारी कौतुक. गावात गेलं की पहिला आठवडा रीळ न घालताच कॅमेरा फिरवायचा. लोक आधी नटतात, मग कंटाळतात, मग विसरतात. त्यानंतर खरं चित्रण. यात फसवणूक आहे असं कधी वाटलं का? छे. जळगावात मुलांना शिकवताना मी हे मिरवून सांगायचो.

ऐंशीनंतरची गोष्ट. यावलजवळ नाना म्हणून एका शेतकऱ्याचा केळीचा मळा होता, तिथे मी चित्रणाला गेलो होतो. त्यांचा एकुलता एक मुलगा भांडून चाळीसगावला निघून गेलेला — आईच्या दहाव्यालाही आला नव्हता. घरात त्याचं नाव निघत नसे. पाचव्या दिवशी नाना पाणी द्यायचं सोडून बांधावर बसले, टोपी नीट केली आणि थेट कॅमेऱ्याकडे बघून बोलू लागले. बराच वेळ बोलले. शेवटी म्हणाले, “हे माह्या पोराले दाखवजा, भाऊ.”

मी मान हलवली. आत रीळच नाही, हे कुठल्या तोंडानं सांगणार? उद्या पुन्हा बोलायला लावू, म्हटलं. दुसऱ्या दिवशी सकाळी नाना मळ्यातच कोसळले, ते गेलेच.

मुलगा आला. बाप कॅमेऱ्यासमोर बोलल्याचं त्याला गड्यांकडून कळलं होतं; तेरावं झाल्यावर माझ्यासमोर उभा राहिला. रीळ धुताना खराब झालं, मी म्हणालो. खोटं सहज जमलं. तो खाली बघत म्हणाला, “माहा बाप काय म्हने, तेवढं तरी सांगा.”

आता याहून वाईट ऐका. मला माहीतच नव्हतं. नाना बोलत होते तेव्हा मी केळीच्या पानांतून त्यांच्या गालावर पडलेलं ऊन बघत होतो. काही टिपलंच जाणार नव्हतं — मग ऐकायचं कशाला? शेवटचं वाक्य तेवढं कानावर आलं. त्याआधी ते माफ करत होते? की शिव्याशाप देत होते?

“घरी ये म्हणाले,” मी सांगितलं. “राग गेला म्हणाले.”

तो लहान मुलासारखा रडला आणि मळ्यावर कायमचा परत आला. अजून दर वर्षी केळी घेऊन येतो, त्याच्या बायकोमुलांसमोर ते शब्द मला पुन्हा म्हणायला लावतो. मी म्हणतो. एकदा म्हणाला, तुमचा हात चांगला आहे, मळ्यातल्या खोलीच्या भिंतीवर ते लिहून द्या. नाही कसं म्हणणार? ‘पोरा, घरी ये. माहा राग गेला.’ — खरं वाटावं म्हणून नानांच्याच बोलीत लिहिलं. खाली त्यांचं नाव.

पावसात रंग उडतो. दिवाळीआधी त्याचा निरोप येतो. मी ब्रश घेऊन जातो, शिडीवर चढतो आणि तीच अक्षरं पुन्हा भरतो. तो खाली शिडी धरून उभा असतो.