‘का’ न विचारणारी

शूटिंगवाली पहिल्यांदा आमच्या शेडमध्ये आली, तेव्हा तिच्या नाकाला रुमाल होता. मी तोंडावरच सांगितलं, की बाई, वास आम्हालाही येतो. तिनं रुमाल खिशात कोंबला तो कायमचाच. अशा खूप येतात. कचरा निवडणाऱ्या बायका बघतात, हळहळतात, फोटो घेतात आणि आपापल्या घरी जातात. ही दुसऱ्या दिवशी परत आली आणि कॅमेराच माझ्या हातात देऊन बसली. म्हणे, मावशी, सिनेमा तुमचा, तर तुम्हीच घ्या. जे दिसतं ते घ्या.

आमचं काम असं, की पट्ट्यावरून कचरा पुढे सरकत येतो आणि दोन्ही बाजूंना बसून आम्ही पुठ्ठा, बाटल्या, पत्रा वेगळा करतो. कॅमेरा एकीच्या हातातून दुसरीच्या हातात फिरला. मग तिनं भिंतीवर चादर बांधून आम्हाला दाखवलं, तर काय, सगळ्या सिनेमात नुसते हात! एकीचंही तोंड नाही. आमची नजर वर जातच नाही ना. वर बघितलं की काच बोटात घुसलीच म्हणून समजा. आम्ही पोट धरून हसलो. मला वाटलं, आता ही कपाळाला हात लावणार. पण ती खुर्ची पुढे ओढून एकेक हात बघत बसली. हा कुणाचा, हे बोट असं वाकडं का, हातमोजा एकाच हातात का. विचारून विचारून तिनं आमचं डोकं खाल्लं.

एकाच बाबतीत तिच्या तोंडाला कुलूप. तिचा नियम होता, की सिनेमा बाहेर जाण्याआधी शेडमध्ये दाखवायचा आणि स्वतःचा जो भाग नको असेल, तो जिचा तिनं नको म्हणायचं. म्हटलं की तो गेला. कारण सांगायचं नाही, दुसऱ्या कुणी विचारायचंही नाही.

हळूहळू मला कॅमेरा वर धरायची सवय लागली. एकदा सुट्टीच्या वेळी लंबू, म्हणजे माझ्या शेजारी बसणारी उंच बाई, कचऱ्यात सापडलेल्या आरशाच्या तुकड्यात बघून केस विंचरत होती. अगदी सावकाश, गुणगुणत. आम्ही कुणी आजूबाजूला आहोत हे विसरूनच गेली होती. ते मी घेतलं. शूटिंगवालीनं ते पुन्हा पुन्हा लावून बघितलं. वर्षभराच्या कामाचा शेवट तिनं त्यावरच बांधला. मी तर नुसती हवेत होते.

आणि शेडमध्ये सिनेमा दाखवला तेव्हा लंबू उठून म्हणाली, “माझं ते आरशाचं नको.”

माझं डोकंच फिरलं. मोठ्या हॉलची तारीख ठरलेली, सगळा सिनेमा त्या तुकड्यावर उभा, आणि ह्या बाईला नको! शूटिंगवालीचा चेहरा पडला, मी बघितला. पण ती बरं म्हणाली. बस, एवढंच.

मी तिला वायरी गुंडाळताना गाठलं. म्हटलं, तुझा नियम चुलीत घाल, निदान विचार तरी. समजूत काढता येईल. मीच विचारते हवं तर.

तिनं माझा हात धरला. “मावशी, नको. मी लहान होते तेव्हा आमच्या खाणीवर असेच शूटिंगवाले लोक आले होते. माझ्या आईनं हात जोडून सांगितलं, माझं जेवतानाचं दाखवू नका. त्यांनी गोडीत विचारलं, का हो? आई म्हणाली, फार उपाशी होते, अधाशासारखं खाल्लंय, पोरांसमोर लाज वाटते.” ती वायर पुन्हा गुंडाळायला लागली. “तेही दाखवलं त्यांनी. तिचं जेवणं आणि तिचं सांगणं, दोन्ही.”

मी वायरीचं दुसरं टोक धरलं. भरून आलं, खरंच सांगते.

सिनेमा हॉलमध्ये लागला. शेवट लंगडाच राहिला, खोटं कशाला बोलू. माझा तुकडा गेल्याचं मला अजूनही वाईट वाटतं. आणि लंबूनं नको का म्हटलं, ते कारण? आपलं ठेवायचं झाकून अन् दुसऱ्याचं बघायचं वाकून, ही माझी जन्माची खोड. लंबूशेजारी दिवसभर बसायचं आणि विचारायचं नाही म्हणजे माझ्या जिवाला घोर.

परवा पट्टा सुरू झाला आणि ती आपणहूनच कुजबुजली, “तुझ्यावर अन्याय झाला गं. मी ते का नको म्हटलं, सांगू का?”

जिभेच्या टोकावर ‘सांग’ आलं होतं. मी म्हटलं, “तुला सांगावंसं वाटत असेल तर सांग. मला देणं लागतेस म्हणून नको.”

लंबूनं पट्ट्यावरची नजर उचलली आणि माझ्याकडे बघत राहिली. कचरा पुढे सरकत होता. तिच्या वाटणीचा पुठ्ठा मी उचलत राहिले.