गडग्यावरची कोरांटी

आमच्या अंगणाभोवतीच्या गडग्यावर मी पिवळी कोरांटी लावली ती काही हौसेने नव्हे, शेजारच्या काकींचा बंदोबस्त म्हणून. काकी निवृत्त शिक्षिका. चोरी करू नये असं मुलांना शिकवण्यात जन्म गेला, आणि रोज सकाळी परडी घेऊन माझ्या अंगणातली फुलं देवासाठी न विचारता काढायच्या. काही बोललं तर म्हणायच्या, "देवाक कसली गो चोरी?" माझं माहेर घाटावरचं, तोंड फटकळ. मी रोज भांडायची, त्या रोज यायच्या.

म्हटलं, आता काटेच लावूया. जांभ्या दगडांचा कोरडा गडगा, फटींत चमचाभर माती नाही. पण कोरांटीच्या फांद्या खोचल्या त्या अशा रुजल्या की विचारू नका. दर वर्षी पाऊस सरला की सगळा गडगा पिवळाधमक. काकी तर हरखूनच गेल्या. "बरी बुद्धी सुचली तुका. माझ्या देवीक ह्याच फूल आवडता!" काट्यांतून बोटं इतकी अलगद घालायच्या, की मी कपाळाला हात लावला.

यंदा ऐन बहरात काकी घरात पडल्या. खुब्याचं ऑपरेशन झालं. डॉक्टरांनी वॉकर धरून चालायला सांगितलं होतं, पण भीतीने त्या पाऊलच टाकेनात. "झाला माझा आता सगळा," म्हणत भिंतीकडे तोंड करून पडून राहायच्या. मुलगा समजावून थकला. इकडे फुलं गडग्यावरच सुकत होती. जिच्याशी इतकी वर्षं भांडले त्या बाईवाचून मला सकाळी करमेना. खोटं कशाला बोलू?

शेवटी एकदा मीच हात ओरबाडून घेत फुलं काढली आणि वाटी भरून त्यांच्या उशाशी नेऊन ठेवली. त्यांनी मान वळवली. एक फूल उचलून पाहिलं. मग वाटीत बोटं घालून फुलं खालवर केली, आणि कपाळाला आठ्या पडल्या.

"कळे कित्याक तोडलंस गो? आणि ह्यो आख्खो शेंडो! उद्या काय फुलतला, तुझा कपाळ?"

"मला नाही जमत, काकी."

"ता दिसताच आसा. आठ दिवसात झाड उघडा करशीत."

बोलता बोलता त्या कोपरावर रेटा देऊन उठू लागल्या. मी सावरायला धावले, तर माझा हात झटकला.

"माका धरू नको. तो वॉकर दी."

मी वॉकर पुढे केला. मला बोल लावत लावत काकी दारापर्यंत चालत आल्या.